रुळांखालून परीक्षेला
खाडीच्या चिखलाचा खारट वास आला की मला भाईंदर पूर्वेचा तो रुळांखालचा भुयारी मार्ग आठवतो. बहिणीचा बारावीचा गणिताचा पेपर होता, केंद्र पश्चिमेला होतं, पूल दुरुस्तीसाठी बंद होता आणि उधाणाचं पाणी भुयारात मांडीपर्यंत चढलं होतं. “दादा, सगळे रुळांवरूनच जातायत, चल ना!” ती रडकुंडीला आली होती. पण आदल्याच आठवड्यात तिथे एक कॉलेजचा मुलगा गाडीखाली गेला होता, आणि ‘रूळ ओलांडू नका’ अशी सायक्लोस्टाइलवर छापलेली पत्रकं मीच घरोघर वाटली होती. “नाही, खालूनच जायचं!” मी ओरडलो. “अरे नेताजी, पहले बहन का पेपर तो होने दो,” पायऱ्यांवरचा भाजीवाला हसला. आम्ही काळ्या पाण्यात उतरलो. आत दिवे नव्हते, पायाखाली गाळ होता आणि हॉलतिकीट तिने दातांत धरलं होतं. मध्येच चप्पल रुतून ती पडली, मी तिला ओढतच बाहेर काढलं. पोचलो तेव्हा केंद्राचं फाटक बंद होतं. “अर्धा तास उलटला, बाळ. आता नाही सोडता येत,” शिपाई हळूच म्हणाला. ती गज धरून उभी राहिली, कपड्यांतून पाणी निथळत होतं. रुळांबद्दलचा माझा शब्द मी आजही मागे घेत नाही. पण तुझं वर्ष माझ्यामुळे गेलं, एवढं तिला तोंडावर सांगणं मला अजून जमलेलं नाही.