सांजेचा झाडू

सगळं यवत गाव सकाळी अंगण झाडतं. शब्बीरमामा संध्याकाळी झाडायचे. दिवे लागायच्या आत, वाकून, दाणा न् दाणा गोळा करत. मी इथल्या शाळेत शिकवायला आले आणि त्यांच्या शेजारची खोली भाड्यानं घेतली, तेव्हा पहिल्याच दिवशी मला हसू आलं होतं. पाखरांसाठी स्वतःच टाकलेले दाणे हा माणूस पुन्हा वेचतोय कशाला?

"बाई, पाखरू उजेडात खातं," ते म्हणाले. "अंधारात ऱ्हायलेला दाणा उंदराचा. आन् उंदीर आला की मागनं मांजर हाय, धामण हाय. मंग पाखरू कशाला येतंय?"

मामा दौंडला रेल्वेत फिटर होते. निवृत्त झाल्यावर आमच्या दोघांच्या सामाईक परसात त्यांनी हा संसार मांडला. शेवग्याच्या फांदीला बाजरीची कणसं टांगलेली. खाली उथळ परळात पाणी आणि पाण्यात एक दगड, पिल्लाला पाय टेकायला. मांजर चढू नये म्हणून बुंध्याभोवती बाभळीचे काटे. कावळ्यांना भाकरी पार न्हाणीमागे. "त्येंची पंगत येगळी. लई दादागिरी करत्यात," म्हणायचे. चिमण्या, होले, साळुंक्या, कधीतरी मुनियांचा थवा. लहानपणी राहू गावच्या शेतात माळ्यावर बसून त्यांनी गोफणीनं हीच पाखरं उडवली होती. "तवा हाकलली, आता बोलावतोय," एवढंच सांगायचे.

शेवटी शेवटी मोतीबिंदूमुळे त्यांना दिसेनासं झालं. नुसत्या आवाजावरून पाखरं ओळखायचे. ऑपरेशनला तयार होईनात, तेव्हा मीच मागे लागले. पंधरा दिवस दौंडला लेकीकडे राहायचं ठरलं. मामी रिक्षात बसल्या तरी मामांचं मला सांगणं संपेना. "मूठभरच टाका बाई. आन् सांजेला झाडा. आलो की डोळं भरून बघतो एकदा."

मी एकदाही झाडलं नाही. पुण्यात आमचं ट्रेनिंग होतं, पहाटेच बस पकडावी लागे. रोज मूठ टाकायच्या ऐवजी मी एकदम डबाभर बाजरी ओतून जायची. आठवडाभरात खोलीत उंदीर शिरले. मुलांचे पेपर कुरतडले, तेव्हा माझं डोकं फिरलं. दुकानातून उंदराचं काळं औषध आणलं आणि इथले शेतकरी करतात तसं तेलाच्या हातानं बाजरीला चोळलं. ते लोक ती बाजरी बिळात घालून वरून माती लोटतात. मला बीळ सापडलं नाही. मी ती काळी बाजरी भिंतीच्या कडेनं तशीच उघडी ठेवली. म्हटलं, सकाळी उचलू. सकाळी बस चुकेल म्हणून तशीच पळाले.

परतले तेव्हा होले शेवग्याखाली पडले होते. चिमण्या परळाभोवती. तहान लागली असावी त्यांना. मी खड्डा खणला आणि रडत रडत सगळी पुरली.

मामा काळा चष्मा लावून आले. आल्या आल्या परसात खुर्ची टाकली. "पाखरं कुटं गेली, बाई?"

"बाजरी काढणीला आलीय ना मामा. शेतात गेली असतील."

"व्हय. येतील," म्हणाले.

इतकं हलकट वाक्य मी आयुष्यात दुसरं बोलले नाही. नंतर रोज ते मूठभर दाणे टाकायचे, त्या नव्या डोळ्यांनी दिवसभर वाट बघायचे आणि सांजेला तेच दाणे वेचायचे. एखाददुसरी साळुंकी यायची, बस. मी रोज ठरवायची, आज सांगू. तीन महिन्यांनी एका दुपारी, त्याच खुर्चीत, मामा गेले.

चाळिसावा झाल्यावर मी मामींच्या पायाशी बसून सगळं कबूल केलं. त्या बराच वेळ माझ्या पाठीवरून हात फिरवत राहिल्या.

"त्येंला ठावं हुतं, बाई. पैल्याच दिशी भितीकडंला काळं दानं गावलं. मी तुमच्याकडं यायला निगाले, तर माजा हात धरला. म्हनले, बोलू नगंस. बाई मनाला लावून घेतील, खोली सोडून जातील. मग माज्यामागं पाखरान्ला पानी कोन ठिवंल?"

मी खोली सोडली नाही. चिमण्या हळूहळू परत आल्या. काल मुनियांचा थवा कणसांवर उतरला. मामांना बघायचा होता तसा, भर उन्हात, अगदी जवळ. मला तो नीट दिसला नाही. डोळे पुसले आणि दिवे लागायच्या आत झाडू हातात घेतला.