सहा आऱ्यांचं चाक

पडदा वर जातो तेव्हा चर्चच्या पटांगणात संध्याकाळचं पिवळं ऊन पसरलेलं आहे, बँडवाले सूर जुळवताहेत, आणि मधोमध उंच खांबावर एलोदियाकाकूंचं दारूकामाचं चाक टांगलेलं आहे. गावाचा संत सान इसिद्रो, त्याचा उत्सव. सगळं गाव माना वर करून हसतंय. काकू तेवढ्या मुठी आवळून उभ्या. तंबूनाटकांतला नट म्हणून मी शेकडो वेळा मेलो, पण भीती कशी दिसते ते मला या बाईनं दाखवलं.

दारूकाम मूळ त्यांच्या नवऱ्याचं. त्याच्या शेवटच्या चाकात एका आऱ्यावर एक बाण जास्त बांधला गेला. पेटताच चाक डुलू लागलं, आसासकट निखळलं, आणि खाली तोच उभा होता. तेव्हापासून काकू आधी वाटणी करायच्या, मगच सुतळीला हात लावायच्या. यंदा बाण चोवीस, रंगनळ्या अठरा. दोन्हींची सारखी वाटणी दोन, तीन किंवा सहा आऱ्यांवर होते. आरे जास्त तितकं चाक सुरळीत, म्हणून सहा. दर आऱ्यावर चार बाण, तीन नळ्या, आणि ओळखीसाठी वेगळ्या रंगाचा कागद.

त्यांचा मुलगा नाबोर खांबावर चढला होता, दातांत पेटता चिरूट. वात लावण्याआधी रीतीप्रमाणे त्यानं चाक हातानं फिरवून सोडलं. लाल कागदाचा आरा खाली येऊन थांबला. पुन्हा फिरवलं. पुन्हा लालच खाली. वजन सारखं असतं तर दर वेळी वेगळा आरा खाली आला असता.

"नाबोर! चिरूट विझव! आधी विझव!"

नाबोरनं चिरूट खांबावर चुरडून खाली टाकला. "आई, लोक हसतायत."

"हसू देत. लाल आऱ्यावरचे बाण मोज."

"एक, दोन, तीन, चार..." तो थांबला. "पाच."

वीटभट्टीवाला सिरीलो टोपी काढून पुढे आला.

"माझा आहे तो, काकू. बायको बाळंतपणातून वाचली. चाकावर बाण लावीन म्हणून नवस बोललो होतो. तुम्ही जेवायला गेलात तेव्हा बांधला."

"एका बाणानं काय होतंय!" गर्दीतून कुणीतरी ओरडलं.

"तुझी बायको वाचली, सिरीलो. आणि माझा पोरगा?" काकूंचा आवाज चिरकला. "नवस फेडायचा तर सहा आणायचे होतेस. दर आऱ्याला एक."

एका पायानं खांबाला विळखा घालून नाबोरनं गाठ सोडली. बाण खाली आला, तो सिरीलोनं टोपीत झेलला. चाक फिरलं आणि या वेळी निळा आरा खाली थांबला.

"झालं, आई. चिरूट पेटवून द्या रे वर कुणीतरी."

काकूंच्या कपाळावरून घाम ओघळत होता. मुठी अजून सुटल्या नव्हत्या.

"थांब रे बाळा. अजून एकदा फिरव."