भाचीच्या लग्नाचा व्हिडिओ

मी पॅरिसमध्ये बरीच वर्षं फ्रेंच सिनेमांचं संकलन केलं. एकदा नायकाच्या मरणाचा अख्खा प्रसंग मी कापला, तेव्हा दिग्दर्शकाने माझे हात हातात घेऊन आभार मानले होते.

गेल्या वर्षी भाचीच्या लग्नाला लातूरला आले. डाळमिलवाला भाऊ म्हणाला, "व्हिडिओ तूच कर. बाहेरच्याला कशाला द्यायचा?"

सहा तासांचं चित्रण मी आठवडाभर बसून पन्नास मिनिटांवर आणलं. आहेराची रांग काढली, पंगती काढल्या. निरोपाच्या वेळी भाऊ रडायचं सोडून लेकीची हरवलेली चप्पल शोधत होता, तेवढं मात्र पूर्ण ठेवलं.

बघायला सगळे नातेवाईक जमले. व्हिडिओ संपल्यावर बिलोलीची मावशी म्हणाली, "मी आलेच न्हाई का लग्नाला?"

"आलीस की, मावशी."

"मग यात कुठं हाय मी?"

भाऊ माझ्याकडे बघेना. दुसऱ्या दिवशी मी सहाच्या सहा तास परत जोडले. मावशीने मधे जेवून घेऊन ते सगळे पाहिले आणि भावाला म्हणाली, "आता जमलं बघ तिला." खरं सांगते, मला बरं वाटलं.