सातवं गाणं

अंबिकाबाईच्या हातून भाकरी करपली, असं नऊ वर्षांत कधी घडलं नव्हतं. औरंगपुऱ्यातल्या वच्छलाबाईच्या मेसमध्ये स्पर्धा परीक्षेची पोरं जेवायला येतात. ती एक वेळ भाजीला नावं ठेवतील, पण अंबिकाबाईच्या भाकरीला ठेवणार नाहीत. त्या दिवशी मात्र तव्यावरची भाकरी काळी ठिक्कर पडली, धूर झाला, वच्छलाबाई ओरडत आत आली, तरी ही बाई परातीत हात घालून दगडासारखी बसलेली. पलीकडं एका पोराच्या मोबाईलवर अप्पाराव अजिंठेकर बोलत होता. गात असता तर एक वेळ चाललं असतं. तो बोलत होता.

अप्पाराव कोण, हे आमच्याकडं चाळिशीच्या पुढच्या माणसाला सांगायला लागत नाही. कॅसेटच्या जमान्यात त्याचं गाणं लागल्याशिवाय कन्नडपासून पैठणपर्यंत एक वरात हलत नव्हती. पुढं कॅसेटी गेल्या, अप्पारावही गेल्यात जमा झाला. आणि आता म्हातारपणी एका कंपनीनं त्याची जुनी गाणी निवडून ‘सदाबहार अप्पाराव, निवडक चोवीस’ असा अल्बम काढला. बरं, नुसती गाणी द्यावीत की नाही? नाही! प्रत्येक गाण्याच्या आधी हा बाबा ते गाणं कसं सुचलं त्याची गोष्ट सांगतो. पहिल्या सहा गोष्टी निरुपद्रवी आहेत. सातवं गाणं ‘अंबिका पिशोरची’.

“पिशोरच्या बाजारात आमची जीप बंद पडली,” अप्पाराव सांगत होता. “तिथं एक धनगराची पोर घोंगड्या घेऊन बसलेली. मला म्हणाली, गाणी करता ना, मग माझ्या नावाचं करून दाखवा. म्हटलं, तू काय देशील? तर तिनं मेंढरांना मारतात तशी हाळी मारून दाखवली. या गाण्याच्या सुरुवातीची हाळी माझी नाही बरं का. ती त्या पोरीची.”

आणि मग ती हाळी. हिर्रर्र हो, हो याऽऽ. शेवटी लागणाऱ्या बारक्या उचकीसकट. पोरांनी ताटं वाजवली.

खोटं एक अक्षर नव्हतं त्यात. अंबिका तेव्हा सोळा वर्षांची होती. बाप शेजारच्या माणसाशी बोलत उभा होता आणि हिला वाटलं, एवढा गाजलेला माणूस समोर उभा आहे, विचारून बघावं. आता सोळाव्या वर्षी एवढी हौस नसावी का माणसाला? असावी. पण गरिबाची हौस देवसुद्धा उधार ठेवत नाही, लगेच वसूल करतो. दुसऱ्या वर्षी तिचं कारभारीशी लग्न झालं आणि लग्नाला दोन महिने होत नाहीत तोवर कॅसेट आली. ‘बाजार उठला, गाडी सुटली, तरी हालंना जागची, अंबिका पिशोरची गं, अंबिका पिशोरची.’

पिशोरात अंबिका काय एकच होती? चार होत्या. पण नवी नवरी एकच होती. कारभारी कन्नडच्या बाजारात चहाच्या टपरीवर बसला की लोक टेप मोठा करायचे आणि याच्याकडं बघून हसायचे. तो चांगला होता, हात उचलणारा नव्हता. नुसता चहा तसाच ठेवून उठायचा. एक दिवस मात्र भावानं कान भरले आणि हा घरी येऊन देव्हाऱ्यापुढं बसला. तिला समोर बसवलं, बेलाचं पान ठेवलं, त्यावर भंडारा ठेवला आणि म्हणाला, उचल. त्या माणसाला तू ओळखत नसशील तर उचल.

आमच्याकडं बेलभंडार उचलणं म्हणजे कोर्टाच्या वरचं कोर्ट. खंडोबाच्या पुढं खोटं बोलणारा सुखानं राहत नाही, हे तान्ह्या पोरालाही ठाऊक. ती खरं बोलली असती तर काय बिघडलं असतं, असं आज कुणीही म्हणेल. पण तेव्हा दारात दीर उभा होता. तिनं बेलभंडार उचलला आणि म्हणाली, “म्या त्या माणसाला बघितलं बी नाय.”

कारभारीनं मान हलवली. विषय तिथंच संपला. पुन्हा आयुष्यात त्यानं तो काढला नाही.

पण अंबिकेचा संपला नाही. त्या दिवसापासून तिनं आपली हाळी मारणं सोडलं. धनगराच्या घरात ज्याची त्याची हाळी वेगळी असते, मेंढरं आवाजाला ओळखतात. ही उचकीची हाळी तिला बापाकडून आली होती. ती टाकून तिनं जीभ टाळूवर वाजवून मेंढरं वळवायला सुरुवात केली. आठ दिवस मेंढरं बावरली, एक कोकरू तर ओढ्यात जाऊन पडलं. कारभारी काही बोलला नाही. त्याच्या लक्षातच आलं नाही, असं तिनं धरलं.

पुढच्या वर्षी मुलगी झाली. बाना नाव ठेवलं. पैठणच्या वर, धरणाच्या कडेला उन्हाळ्याचा तळ पडला होता, तिथं पोरीला ताप आला. तिसऱ्या दिवशी गेली. तीन महिन्यांची होती. तळाजवळच्याच बाभळीखाली पुरली. सगळे म्हणाले, तापानं गेली. अंबिकेला कुणी विचारलं नाही, आणि विचारलं असतं तरी तिनं सांगितलं नसतं. तिला ठाऊक होतं पोर कशानं गेली ते.

सहा वर्षांनी नवसानं खंडेराव झाला. त्याच्या शाळेसाठी मेंढरं विकून हे दोघं शहरात आले, मुकुंदवाडीत खोली घेतली. कारभारी बांधकामांवर राखणदार झाला, ही भाकरीला लागली. दर चंपाषष्ठीला शहराच्या कडेच्या सातारा गावात खंडोबाला जातात. तिथं सगळं देऊळ पिवळं होतं, आणि ही बाई भंडाऱ्याला बोट लावत नाही. हळदीनं अंगाला खाज सुटते, असं सांगते. हळद घातलेली भाजी रोज करते, खाज सुटत नाही. पण एवढं कोण बघतंय?

अठ्ठावीस वर्षं झाकली मूठ झाकलेली राहिली. आणि आता हा अप्पाराव भर मोबाईलवर ती उघडत होता. बरं, वेळ तरी कसली! महिनाभरापूर्वी कारभारी बांधकामाच्या जिन्यावरून घसरला, मांडीपर्यंत प्लास्टर. दिवसभर खोलीत पडून. बाप कंटाळतो म्हणून खंडेरावानं त्याला स्वतःचा जुना फोन दिलेला, आणि तो फोन एक गाणं संपलं की आपल्या मनानं दुसरं लावायचा. आज ना उद्या सातवं लागणारच होतं. मग कारभारीला कळणार, की बायकोनं देवापुढं बेलभंडार उचलून खोटं सांगितलं. आणि दोन अधिक दोन त्यालाही येत होते. पोर कुणामुळं गेली, हे कळल्यावर तो तिच्या हातचं पाणी पिईल? तिची तीच म्हणायची, नाही पिणार.

त्या संध्याकाळी तिनं फोन पाण्याच्या बादलीत बुडवला. घाईत पडला म्हणाली. रडली पण, आणि ते रडणं खरं होतं म्हणून बापलेकांना पटलं.

पण बादलीत एक फोन मावतो, गाव मावत नाही. रिक्षात तेच, किराणा दुकानात तेच. ती चालता चालता दचकायला लागली. चोराच्या मनात चांदणं. दोनदा भाजीत मीठ विसरली, तिसऱ्यांदा दोनदा घातलं. शेवटी तिनं वच्छलाबाईकडून अप्पारावाचा पत्ता काढला. तो हर्सूलच्या पुढं लेकीकडं राहतो, असं कळलं. सकाळच्या भाकरी उरकल्या आणि भर दुपारी ती तिथं जाऊन उभी राहिली.

कॉटवर एक वाळलेला म्हातारा बसला होता. अल्बमच्या गोष्टी सांगून झाल्यावर गळ्याचं ऑपरेशन झालेलं, आवाज पार गेलेला, नुसती फुसफूस. ती म्हणाली, मी अंबिका, पिशोरची. म्हाताऱ्याच्या डोळ्यांत पाणीच आलं. त्यानं लेकीला हाक मारली, चहा टाकायला सांगितला. लोकांना ही गोष्ट खोटी वाटते, तू आलीस बरं झालं, म्हणाला. तिनं पदर पसरला. ती गोष्ट काढून टाका, म्हणाली, नाहीतर ती पोर दुसरीच होती असं तरी सांगा. ते आता अप्पारावाच्या हातात नव्हतं. कंपनी मुंबईला, तिथं त्याचा फोनसुद्धा कुणी घेत नव्हतं. आणि त्यानं विचारलं, मी काही खोटं सांगितलं का गं? मग त्यानं हळूच मागितलं, ती हाळी एकदा मारून दाखव, माझा तर आवाज गेला. ती चहा न पिताच उठली.

मुकुंदवाडीला येईपर्यंत तिनं ठरवलं होतं, आपणच सांगायचं. त्याला दुसऱ्याकडून कळण्यापेक्षा आपल्या तोंडून कळू दे, मग हाकलू दे. पण नशीब आधीच घरी येऊन बसलेलं. खंडेराव सकाळी फोन दुरुस्त करून, बापाच्या हातात देऊन वाळूजला कामावर गेला होता. ती दारात आली तेव्हा फोन कारभारीच्या छातीवर होता आणि अप्पाराव म्हणत होता, “ती त्या पोरीची.”

हिर्रर्र हो, हो याऽऽ.

ती चौकट धरून खाली बसली. कारभारीनं गाणं बंद केलं नाही, आवाज तेवढा कमी केला. तिच्याकडं बघितलं नाही, प्लास्टरकडं बघत राहिला.

“म्या खोटं बोलले,” ती म्हणाली. “बेलभंडार उचलून खोटं बोलले. माझ्यामुळं गेली बाना.”

“हाळी तुझी हाय ते मला पयल्याच दिशी कळलं व्हतं,” कारभारी म्हणाला. “कन्नडला, टपरीवर. रोज ऐकत व्हतो की. मेंढरांना कळतं, मला कळणार नाय व्हय?”

ती उंबऱ्यावरून आत सरकली.

“मग बेलभंडार कशाला ठिवला?”

“तू खरं बोलतीस का ते बघाया. दारात भाऊ उभा व्हता, माझी बी ऐट.” “तू हात पुढं केलास तवा मला धराया पायजे व्हता. मला ठाऊक व्हतं तू खोटं उचलतीयास, आन् म्या उचलू दिलं. देवाला ते दिसलं नसंल व्हय? पोर तुझ्यामुळं नाय गेली, अंबिके. माझ्यामुळं गेली.”

अठ्ठावीस वर्षं एका पांघरुणात दोघं झोपले, आणि दोघांनी तेच एक मढं आपापलं वेगळं वाहिलं. तिला त्याची कीव यायला हवी होती. आली नाही. आला तो राग, आयुष्यात पहिल्यांदा.

“त्या पापाला मला एकटीला खाऊ दिलं,” ती म्हणाली. “इतकी सालं. एक शबूद बोलला नाय तुमी.”

“बोललो असतो तर तू सोडून गेली असतीस.”

“गेले असते. व्हय, गेले असते.”

त्यानं उठायची धडपड केली, पाय हलेना, तसा देव्हाऱ्याकडं हात करून म्हणाला, “आण तो भंडारा. बेलाचं पान ठिव. तुझा इश्वास बसत नसंल तर आता म्या उचलतो.”

तेव्हा मात्र तिचा राग जागच्या जागी विझला. ती उठली आणि भंडाऱ्याची डबी देव्हाऱ्यातून काढून पार वरच्या फळीवर, त्याचा हात कधीच पोचणार नाही अशी ठेवून आली. हाताला भंडारा लागला, तो तिनं पदराला पुसला.

“नगं,” ती म्हणाली. “तुमचं खरं आसंल तरी नगं. आता एकच पोरगा राह्यलाय आपल्याला.”

फोनवर आठव्या गाण्याची गोष्ट सुरू झाली होती. बंद कसा करायचा ते दोघांनाही नीट येत नव्हतं. चार वाजत आले होते. तिनं चपला घातल्या, दार लोटलं आणि संध्याकाळच्या भाकरीला निघाली.