उभ्या रेघांचे तुकडे

सत्यशीला गजभिये यांचा कुणावरच पटकन विश्वास बसत नाही. भाजीवाल्याचा काटा त्या वाकून बघतात, आणि शेजारीण 'सहज आले' म्हणाली की आधी तिच्या हातात काय आहे ते बघतात. लग्न होऊन भंडाऱ्याहून पुण्यात आल्या तेव्हा घरमालकापासून रिक्षावाल्यापर्यंत सगळ्यांनी नवखी म्हणून गंडवलं. तेव्हापासूनची ही सवय.

बिबवेवाडीतल्या त्यांच्या बाहेरच्या खोलीत आठवीची मुलं गणिताला येतात. चाचणी असली की बाई अनवाणी, मुलांच्या पाठीमागून फिरतात. कॉपी सापडली की त्या मुलाचा क्लास बंद, हा नियम.

बैजिक राशींच्या चाचणीत मात्र त्यांना काहीतरी सापडलंच. 4x × (−3y) ही राशी कोणत्या प्रकारची? एकपदी. बेरीज-वजाबाकीनं जोडलेले भाग म्हणजे पदं. इथे नुसता गुणाकार, सगळं मिळून एकच पद. बाकी सगळ्यांचं बरोबर होतं, पण पूर्वा आणि रोहन या दोघांनीच लिहिलं होतं, द्विपदी. आणि दोघं बसले होते शेजारी शेजारी.

"उत्तर बरोबर आलं तर सगळ्यांचं सारखंच असणार," बाई नवऱ्याला म्हणाल्या. "पण चूक सारखी कशी येते हो?"

आनंदराव कोथिंबीर निवडत होते. "रोहनला विचार."

"रोहनला मी ओळखते. ही पूर्वा नवीन. आधीचा क्लास का सोडला, ते तिची आई धड सांगत नाही."

त्यांनी पूर्वाच्या आईला फोन करून संध्याकाळी बोलावलं. नारायण पेठेत शिवणकाम करणाऱ्या त्या बाईनं मुलीला इथे जागा मिळावी म्हणून चार खेपा घातल्या होत्या.

आई यायच्या आधी पुरावा हवा. दोघं क्लासला आल्यावर बाईंनी रोहनला स्वयंपाकघरात बसवलं, पूर्वाला बाहेर. दोघांना नवी राशी दिली: 7m × (−2n). दोघांचंही उत्तर आलं, द्विपदी.

बाईंनी पूर्वाची कंपासपेटी उघडून बघितली. मग आत गेल्या. "अहो, तुम्ही याला काही सांगितलंत?"

"मी सांगितलं असतं तर पाचपदी आलं असतं," आनंदराव म्हणाले.

बाई बाहेर आल्या. "माझ्यासमोर सोडव."

पूर्वानं पेन्सिलीनं उणे चिन्हाच्या आधी एक बारीक उभी रेघ मारली. "हा एक तुकडा, हा दुसरा." आणि लगेच रेघ खोडली.

"खोडलीस का?"

"खाडाखोड दिसली तर मार्क कापीन म्हणालात."

"आणि रेघ कुठून आणलीस?"

पूर्वा गोंधळली. "तुम्हीच सांगितलंत ना मॅडम. अधिक किंवा उणे दिसलं की आधी रेघ मारायची, मग तुकडे मोजायचे."

बाईंनी रोहनला हाक मारली. त्यानंही तिथेच रेघ मारली.

मुलांना सोपं जावं म्हणून ही रेघेची युक्ती बाईंनीच काढली होती. 5x − 2y ला ती नीट चालायची, कारण तिथलं उणे दोन पदांच्या मध्ये असतं. इथलं उणे त्या संख्येचं स्वतःचं होतं. तशी राशी शिकवताना बाईंनी फळ्यावर घेतलीच नव्हती.

दारात पूर्वाची आई उभी होती. खांद्यावरची पिशवीही तिनं उतरवली नव्हती.

"काय केलं हिनं?"

"मी शिकवलं तसंच केलं. उद्यापासून पुढे बसेल."

"एवढ्यासाठी बोलावलंत?" आईनं संशयानं विचारलं.

"नाही. माझा गैरसमज झाला होता. बसा, चहा टाकते."

मायलेकी गेल्यावर आनंदराव म्हणाले, "झालं ना समाधान?"

बाई बाकीचे पेपर घेऊन दिव्याखाली बसल्या होत्या. "कसलं समाधान? माझ्या रेघेनं हे उत्तर चुकायलाच हवं," त्या म्हणाल्या. "मग या सगळ्यांचं बरोबर आलं कुठून?"