माझ्या दुकानातला माझाच ठोका

तो आला तेव्हा म्हणाला, "तांब्याला कधी हात लावलेला नाही. भाता ओढीन." मी त्याला ठेवून घेतलं आणि त्याच दिवसापासून त्याच्यावर संशय घेऊ लागलो.

कसब्यातल्या आमच्या तांबटांच्या गल्लीत श्रीमंत पेशव्यांच्या मुदपाकखान्याची भांडी घडत. त्या दिवसांत पुण्यात दर चौथा माणूस कुणाचा तरी हेर होता आणि उरलेले तिघे हौसेने हेरगिरी करत. त्यात हा मला कधीच विचारत नव्हता, की चाळिशी आली, लग्न का नाही केलंत? पुण्यात हे न विचारणारा माणूस एक तर मुका असतो, नाहीतर त्याला उत्तर आधीच ठाऊक असतं.

उत्तर मी कुणालाच दिलं नव्हतं. नाशकात ज्यांच्याकडे मी काम शिकलो, त्यांच्या मुलीशी माझं लग्न ठरलं होतं. हळदीच्या आदल्या दिवशी मी पळालो. का, ते तेव्हा मलाही नीट सांगता आलं नसतं. जातीच्या पंचांना कळलं असतं तर मी वाळीत पडलो असतो आणि भट्टी कायमची थंड झाली असती.

म्हणून मी त्याच्यावर नजर ठेवली. तापलेला पत्रा काढायचा क्षण आला, की मी बोलायच्या आत त्याचा चिमटा पुढे येई. हे याला कुणी शिकवलं? एकदा माझं मनगट भाजलं, तेव्हा त्याने तूप लावलं आणि हात लगेच सोडला नाही. मीही काढून घेतला नाही. मग दिवसभर स्वतःवरच चिडलो. जीव जडावा तर हेरावर!

एका दुपारी देवळातून परतताना गल्लीच्या तोंडाशीच थबकलो. घडलेलं भांडं हातोडीने ठोकून घट्ट करायचं, त्याला आम्ही मठारणं म्हणतो. हा ठोका प्रत्येक घराण्याचा वेगळा. गल्लीतल्या बायका भाकरी थापता थापता सांगतील कोण ठोकतंय. तीन जड, एक हलका, मग जरा थांबणं. हा ठोका पुण्यात फक्त माझा होता, आणि तो माझ्या दुकानातून येत होता. शेजारी ओट्यावर डुलक्या घेत होते म्हणून वाचलो.

मागच्या पडवीत तो माझी घागर मठारत बसला होता.

"कुणी पाठवलं तुला?"

त्याने हातोडी खाली ठेवली. "कुणी नाही. तुम्ही पळालात. मुहूर्त टळू नये म्हणून मामांनी, म्हणजे तुमच्या गुरूंनी, मला बोहल्यावर उभं केलं. मी नुसता लग्नाचं जेवायला आलो होतो हो."

मी भिंतीला टेकलो.

"हा ठोकाही मामांचाच. गेल्या साली ती तापाने गेली. फार चांगली होती. पण मी तिचा कधी झालो नाही आणि ती माझी. त्याचा राग तुमच्यावर काढायला आलो. तुम्हाला पंचांपुढे उभं करणार होतो."

"मग?"

"मग भाता ओढत बसलो." तो उठला. "निघतो. कुठे बोलणार नाही."

त्याच्यावर विश्वास ठेवावा असं काहीही नव्हतं. खोटं बोलून घरात शिरलेला माणूस! पण तो गेला तर मला जगणं नको होईल असं वाटलं, आणि मी त्याला ते तसंच सांगितलं.

अट एकच घातली: दोन हातोड्या एका वेळी वाजता कामा नयेत. एकाच घराण्याचे दोन ठोके ऐकले असते, तर गल्ली नाशकापर्यंत चौकशीला गेली असती. तेव्हापासून एक ठोकू लागला की दुसरा भात्यावर. संशय काही लगेच गेला नाही. तो गावाला गेला, की मी पंचांची वाट बघत बसे. दर वेळी तो एकटाच परत येई.

आता म्हातारपण आलं; गेली दोन वर्षं माझी बोटं हातोडीवर मिटत नाहीत. भात्याशी मीच बसतो. परवा शेजारी ओट्यावरून ओरडले, "अहो, या वयात काय खणखणीत हात आहे तुमचा!"

"आहेच," मी आतून म्हणालो. तो हसला आणि माझ्या ठोक्याने ठोकत राहिला.