फलाट कुणी झाडायचा

आमच्या घरात वर्तमानपत्राआधी पत्रकं वाचली जायची. वडील ती मोर्चे-आंदोलनांसाठी लिहायचे, छापून आणायचे आणि वाटायचे. उरलेल्या पत्रकांच्या कोऱ्या पाठीवर मी बाराखडी गिरवली. हक्क आणि मेहेरबानी यांतला फरक मला त्यामुळे लवकर कळला. म्हणूनच आमच्या हॉल्टवर भाजीवाली मावशी रोज सकाळी फलाट झाडताना दिसली की माझं डोकं तापायचं. पगार घेणार रेल्वेची माणसं, आणि झाडू मावशीच्या हातात!

हॉल्ट म्हणजे एक फलाट, एक पाटी, एक कडुनिंब. अरुंद रुळांची छोटी लाईन होती तेव्हा इथं दगडी खोली होती, तिकिटाची खिडकी होती, पाण्याचा रांजण होता. शिट्टी ऐकून घरून निघालं तरी गाडी सापडायची, असं जुनी माणसं सांगतात. मोठी लाईन आली, रूळ पलीकडं सरकले, खोली मागं राहिली. आता तिच्यात शेळ्या बसतात.

गेल्या वर्षी कळलं की सकाळच्या पॅसेंजरचा इथला थांबा काढणार आहेत. मावशी त्याच गाडीनं मेथीचे नि चुक्याचे भारे बार्शीच्या बाजारात नेते. जीपवाला भारे टपावर टाकतो; बाजार येईस्तोवर पाला मान टाकतो. थांबा गेला की तिचा धंदा गेला, इतकं ते सरळ होतं.

मी पत्रक लिहायला बसले. त्याआधी छोट्या स्टेशनांबद्दल मिळेल ते वाचलं. त्यात जपानच्या एका खेड्यातलं स्टेशन सापडलं. लाकडी खोली, नेमलेला माणूस नाही, गावातल्या बायकाच फलाट झाडतात आणि फुलांच्या कुंड्या ठेवतात. मावशीला फोनवर फोटो दाखवला तर ती हरखून गेली. मग मी सांगितलं की एवढं झाडूनसुद्धा ते स्टेशन बंद झालं. तेव्हा तुम्हीही झाडू खाली ठेवा. फुकट केलेल्या कामाची कुणाला किंमत नसते.

तिनं फोटो पुन्हा निरखला. "बंद केलं तवा फलाट घाण व्हता का?"

नव्हता, म्हटलं.

"मग बरं," म्हणाली आणि जुड्या बांधू लागली.

पुढच्या आठवड्यात रेल्वेचे एक साहेब पाहणीला आले. आम्ही सगळे फलाटावर जमलो होतो. मी पत्रक दिलं; त्यांनी ते न वाचता घडी करून खिशात घातलं. फलाट छान ठेवल्याबद्दल आमचं कौतुक केलं. थांब्याचं मात्र अवघड आहे, म्हणाले, कारण इथं माणसं चढतच नाहीत.

मी तोंड उघडणार तेवढ्यात मावशी पुढं झाली. तिनं सकाळचा केर कडुनिंबाखाली लोटून ठेवला होता, रोजच्यासारखा अजून पेटवला नव्हता. झाडूनं तो साहेबांच्या बुटांपुढं पसरला. बिडीची थोटकं, बिस्किटांचे कागद, कॉलेजच्या पोरींच्या तुटक्या क्लिपा, मेथीची मुळं.

"माणसं चढत न्हाईत म्हणता, साहेब. मग ह्यो कचरा काय शेळ्यांनी केला?"

लोक हसले. साहेबही हसले, पण मग खिशातलं पत्रक काढून तिथंच उभ्यानं वाचलं. मी एकेक मुद्दा समजावून सांगितला आणि त्यांनी तो ऐकला.

थांबा राहिला. कागदावर 'प्रायोगिक तत्त्वावर' असं लिहिलंय, म्हणजे पुन्हा कधीही काढता येईल. काढून बघावा. पुढच्या पत्रकाचा मजकूर माझ्याकडं तयार आहे.

फलाट झाडणं हे रेल्वेचंच काम आहे, असं मी आजही मानते. पत्रकात तसं ठणकावून लिहिलंय. माणूस नेमला जाईपर्यंत पाटीकडची बाजू मी झाडते आणि कडुनिंबाकडची मावशी. केर मात्र आम्ही लगेच पेटवत नाही.